मोतीबाईनं ओळ पडू दिली नाही

आमच्या गावात विलायती घरं आहेत असं सांगितलं की यवतमाळची माणसं हसतात. पण आहेत. बाभुळगावच्या रस्त्याला लागून कापसातली सरकी काढायचं एक जुनं जीन आहे. ते बंद पडून जमाना झाला. त्याच्या मागं काळ्या दगडाच्या घरांची एक ओळ आहे. इंग्रजांच्या राज्यात कोणा साहेबानं जीन काढलं आणि तोलाऱ्यांसाठी, फिटरसाठी, चौकीदारासाठी ही घरं बांधली. त्याला आपल्या गावाकडची सय येत असावी. उंच उतरती कवेलूंची, म्हणजे कौलांची छपरं, इवल्याशा खिडक्या, आणि प्रत्येक घराच्या भिंतीत शेकोटीची जागा अन् वर धुराडं. वैशाखात जिथं भिंतीला पाठ टेकवत नाही, तिथं घरात शेकोटी. गावानं त्या माणसाचं नावही ठेवलं नाही, पण ओळीला साहेबओळ म्हणतात ते आजतागायत.

मी जिल्हा परिषदेच्या शाळेत मास्तर. बदली होऊन आलो तेव्हा याच ओळीत भाड्यानं घर मिळालं आणि मग इथंच राहिलो. आमच्या शेकोटीत माझी बायको बेबी ज्वारीचं पिंप ठेवायची. शेजारच्या घरातल्या शेकोटीत सेवालाल महाराजांची तसबीर होती आणि तिच्यापुढं रोज दिवा लागायचा. ते घर मोतीबाईचं.

मोतीबाई बंजारा समाजाची, माहेर मारेगावकडच्या एका तांड्यावरचं. तिचा नवरा फुलसिंग जिनाचा चौकीदार होता. जीन बंद पडलं तरी तो काठी घेऊन फाटकापाशी बसायचा, कारण दुसरीकडं कुठं बसायचं हे त्याला ठाऊक नव्हतं. पुढं त्याला लकवा मारला. उजवं अंग गेलं, बोलणं गेलं. मोतीबाई त्याला भाकर कुस्करून भरवायची, उन्हाला बसवायची, दुपारी निंदणाला जायची आणि संध्याकाळी येऊन त्याला दिवसभराचं गाव ऐकवायची. कोणाच्या शेतात वेचणी झाली, कोणाची म्हैस व्याली. तो डोळ्यांनी हुंकार द्यायचा. मुलगा बादल वणीला कोळशाच्या ट्रकवर होता, महिन्या दोन महिन्यांनी येऊन जायचा.

जीन आणि ओळ, दोन्ही वामनराव गावंड्यांच्या मालकीचं. त्यांच्या वडिलांनी लिलावात घेतलेलं. वामनराव दोनदा सरपंच झालेले, शेती मोठी, बोलणं गोड. कोणाच्याही मौतीला सर्वांत आधी हजर. रस्ता रुंद होणार अशी बातमी आली आणि त्यांच्या डोक्यात पेट्रोल पंप शिरला. मागं प्लॉट पाडायचे, पुढं पंप, बाजूला लग्नाचा लॉन. मध्ये आमची ओळ. काही जणांना त्यांनी दुसरीकडं जागा दिली, काहींना दम दिला. घरं एकेक करून रिकामी व्हायला लागली. मोतीबाई हलेना.

"याले घेऊन मी कुठं जाऊ, भाऊ?" ती म्हणाली. "याले दाराचा उंबरठा तेवढा ओळखीचा राह्यला हाय."

वामनराव म्हणाले, "तुले कोण जा म्हणते? तुह्ये कवेलू फुटले हायेत ते पाह्य. माणसं पाठवतो, दुरुस्त करून देतो."

डिसेंबर होता. माणसं आली, अख्खं छप्पर उतरवलं, कवेलू ट्रॅक्टरमध्ये भरले आणि गेली. उद्या नवे घेऊन येतो म्हणाली. तो उद्या उगवला नाही. मी स्वतः वामनरावांकडं गेलो. ते म्हणाले, "कारागीर वणीले गेलते मास्तर, आले की लावून देतो." मोतीबाईनं कापसाच्या ताडपत्र्या मागून आणून वाशांवर टाकल्या. आम्ही फुलसिंगला आमच्याकडं आणलं, पण परक्या घरात तो जेवेना, रडायला लागे. परत नेलं. त्या वर्षी थंडीही अशी की सकाळी रांजणातल्या पाण्यात हात घालवत नव्हता. त्याच्या छातीत कफ भरला. यवतमाळच्या दवाखान्यात नेला आणि तिथंच तो गेला.

वामनराव मौतीला सर्वांत आधी हजर होते. त्यांनी खांदा दिला. मोतीबाई पाहत होती. पोलीस ठाण्यात मी तिला घेऊन गेलो तेव्हा तिथल्या माणसानं शांतपणे ऐकून घेतलं आणि म्हणाला, "बाई, मालकानं स्वतःच्या घराचे कवेलू काढले. यात कलम कोणतं लावू?"

तेराव्यानंतर वामनराव तिच्या ओट्यावर येऊन बसले. मी आणि बेबी तिथंच होतो.

"आता एकटीनं राहून काय करशील, मोतीबाई? तांड्यावर जाय. भावाबहिणीत राहशील."

मोतीबाई लाकडं फोडत होती. कुऱ्हाड तशीच हातात धरून ती म्हणाली, "तुमाले हे घर पाडायचं होतं ना, भाऊ?"

"आज ना उद्या पडणारच हाय."

"नाही पडत," ती म्हणाली. आणि पुन्हा लाकडं फोडायला लागली.

मला वाटलं, दुःखात बोलली. पण संध्याकाळी ती आमच्या दारात आली. "मास्तर, त्या माणसाचं काय बुडवू मी? शेत जाळू? ढोरं मारू? ते सारे त्याले परत घेता येते. त्याले हे ओळ पाडायची हाय. एवढी एकच गोष्ट त्याले पाह्यजे. मंग हे ओळ पडू द्यायची नाही. तो मरेपर्यंत त्याच्या डोळ्यासमोर उभी राह्यली पाह्यजे."

बादलनं वणीहून पत्रे आणून छप्पर घातलं. खरे कवेलू वामनरावांच्या गोठ्यावर चढले होते. मोतीबाई निंदणाला जायची ती वाट त्या गोठ्यावरूनच होती. दुसरी, जवळची वाट होती, पण ती कधी तिकडून गेली नाही.

वर्षभरानं नागपूरच्या कॉलेजातली सुरभी नावाची मुलगी आली. घरं कशी बांधतात ते शिकणारी. तिला आमच्या ओळीचं भारी अप्रूप. टेप घेऊन भिंती मोजायची, खिडक्यांची चित्रं काढायची, धुराड्यात डोकं घालून वर पाहायची. मोतीबाईनं तिला जेवायला बसवलं. भाकर आणि आंबाडीची भाजी वाढली.

जेवता जेवता सुरभी म्हणाली, "मावशी, इंग्लंडमधल्या खेड्यांत अशी घरं असतात. तिथं सरकार ती जपतं. कोणाला पाडता येत नाहीत."

मोतीबाईचा हात थांबला. "घर कोणाचं राह्यते? सरकारचं?"

"नाही, मालकाचंच."

"अन् मालकाले पाडता येत नाही?"

"पाडायचं सोडा, खिडकी बदलायची तरी परवानगी लागते. आपल्याकडंही तसा कायदा आहे. पुरातत्त्व खात्यानं घर संरक्षित केलं की मालकाला खिळासुद्धा ठोकता येत नाही."

"पुन्हा सांग," मोतीबाई म्हणाली.

सुरभीनं पुन्हा सांगितलं. मोतीबाईनं तिच्या ताटात आणखी एक भाकर वाढली. फुलसिंग गेल्यापासून मी तिला हसताना पाहिलं नव्हतं. त्या दिवशी ती हसली, आणि ते हसू पाहून बेबीनं माझ्याकडं पाहिलं.

पुढची काही वर्षं मोतीबाईनं दुसरं काही केलं नाही. अर्ज मी लिहायचो, नकाशे आणि फोटो सुरभी पाठवायची, पण दारं ठोठावायची ती मोतीबाई. पहाटेची एसटी पकडून नागपूरला जायची, खात्याच्या ऑफिसात बाकावर बसून राहायची. साहेब नाहीत म्हटलं की म्हणायची, "असू द्या, येतीन." ओळीतून निघून गेलेल्या लोकांना गाठून त्यांच्या आठवणी तिनं सह्यांनिशी गोळा केल्या. करोना आला, ऑफिसं बंद झाली, तेव्हा मला वाटलं की संपलं. उघडल्यावर पहिल्या एसटीत ती होती. खात्यातल्या लोकांना वाटायचं की या बाईला जुन्या वास्तूंचं केवढं प्रेम. सुरभीही तेच समजायची. एकदा ती म्हणाली, "मावशी, तुमच्यासारखी माणसं पाहिजेत." मोतीबाईनं तिचा गैरसमज दूर केला नाही.

वामनरावांना कुणकुण लागली तेव्हा ते बादलकडं गेले. नव्या लेआउटमध्ये एक प्लॉट आणि दोन खोल्या बांधून देतो, आईला आवर म्हणाले. बादल खुशीत आला.

"याडी, पक्कं घर भेटून राह्यलं," तो म्हणाला. याडी म्हणजे आई. "बापू तं गेला. आता या दगडात काय हाय?"

"तुह्या बापाचा दम अडकला हाय यात."

"तू त्याच्यासाठी करून राह्यली का स्वतःसाठी?"

"माह्यासाठी," मोतीबाई म्हणाली. "तुह्या बापाले कोणाचा राग येत नव्हता. त्यानं माफ केलं असतं. म्हणूनच मले करा लागते."

बादल उठून गेला. त्यानंतर तो वर्षातून एकदा यायला लागला.

अखेर खात्यातून कपिल नावाचे तरुण अधिकारी आले. त्यांनी ओळ पाहिली, धुराडी पाहिली, जिनाच्या भिंतीवरचं पुसट झालेलं साल पाहिलं. वामनराव सोबत होते. "साहेब, काय इतिहास हाय यात? कोणता राजा राह्यला होता का? मजूर राह्यत होते." कपिल म्हणाले, "मजुरांची घरं उरतच नाहीत. म्हणूनच पाहायला आलो." काही महिन्यांनी पहिली अधिसूचना निघाली. कोणाची हरकत असेल तर कळवा, नंतर अंतिम आदेश होईल, अशी. वामनरावांनी हरकत घेतली. त्यांच्या वकिलानं त्यांना सांगितलं की अंतिम आदेश होईपर्यंत तुम्हीच मालक आहात, घाबरू नका.

मोतीबाईनं कपिलना फोन लावायला सांगितला. स्पीकरवर तिनं एकच गोष्ट विचारली. "आता कोणी एखादं घर पाडलं तं?"

"आता दगड हलवला तरी गुन्हा आहे, मावशी. अटक होऊ शकते. मालक असला तरी."

"मालक असला तरी," मोतीबाईनं ते तोंडात घोळवलं.

मे महिना होता. शाळेला सुट्टी. मोतीबाई गावातल्या पिठाच्या गिरणीवर दळण घेऊन गेली. वामनरावांचा गडी तिथं रोज यायचा. तिथं बायकांपाशी ती मोठ्यानं सांगू लागली, की सरकारचा पक्का कागद जूनच्या आत येऊन राह्यला, मंग भाऊच्या हातात काही नाही राह्यत. आता जे हाय ते हाच महिना. आणि आपण बहिणीच्या नातीच्या लग्नाला तांड्यावर चाललो, आठ दिवस घराला कुलूप, हेही सांगितलं.

निघताना ती आमच्याकडं आली. तिच्याबरोबर दोन गाठोडी आणि एक पेटी. तसबीर फडक्यात गुंडाळलेली. बेबी म्हणाली, "लग्नाले चालली अन् गोधडी कायले नेऊन राह्यली?"

"थंडी वाजते," मोतीबाई म्हणाली. बाहेर झाडाचं पान हलत नव्हतं, रस्त्यावरचं डांबर चपलेला चिकटत होतं.

मग मला म्हणाली, "मास्तर, फोन चार्ज ठेवजा. अन् काही झालं तरी आडवं जाऊ नका. फोटो काढजा."

तेव्हा माझ्या ध्यानात आलं. मी म्हणालो, "मोतीबाई, ते तुझं घर आहे. फुलसिंगचं घर आहे."

"बाकीचे वाचतीन," ती म्हणाली. "अन् तो फसते."

"त्यानं रिकाम्या घरांपैकी एखादं पाडलं तर?"

"नाही. तो माह्यंच पाडते. मी वळखतो त्याले."

दोन दिवसांनी भर दुपारी जेसीबी आला. पुढं बुलेटवर वामनरावांचा मुलगा पिंटू, मागं जीपमध्ये स्वतः वामनराव. रिकाम्या चार घरांवरून जेसीबी सरळ पुढं गेला आणि मोतीबाईच्या दारासमोर थांबला. पत्रे आधी गेले. मग धुराडं. दगडी भिंत सहज पडेना, तीन-चार धक्के द्यावे लागले. मी ओट्यावर उभा राहून सगळं फोनमध्ये घेतलं. वामनरावांनी मला पाहिलं आणि जीपमधूनच म्हणाले, "काढा मास्तर, काढा. आपल्या घराचं काय करायचं ते मालक पाह्यते."

ते वाक्यही त्यात आलं.

मोतीबाई दुसऱ्या दिवशी दुपारच्या एसटीनं आली. ढिगाऱ्यासमोर उभी राहिली. मला विचारलं, "पुरं पाडलं?"

"फक्त मागची भिंत राहिली."

"चांगलं झालं."

मग ती त्या दगडांवर चढली, शेकोटीची जागा होती तिथवर गेली आणि खाली बसली. फुलसिंगच्या मौतीत ती रडली नव्हती. आत्ता रडली. बंजारा बायका मौतीत सूर लावून रडतात, तसा सूर लावून, त्याचं नाव घेऊन, घराचं नाव घेऊन. सगळी ओळ बाहेर येऊन उभी राहिली. कोणाची जवळ जायची छाती झाली नाही. बऱ्याच वेळानं ती उठली, तोंड धुतलं, बेबीकडं चहा घेतला आणि म्हणाली, "चला मास्तर, ठाण्यात."

या वेळी कलम होतं. कपिल साहेब स्वतः आले होते. वामनरावांना जीपमधून आणलं तेव्हा त्यांना वाटत होतं की सही करून परत जाऊ. वकिलानं तोंड खाली घातलं तेव्हा त्यांना समजलं. दोनदा सरपंच झालेला माणूस, ज्याच्या लेकीच्या लग्नात याच ठाण्यातली माणसं पंगतीला बसली होती, तो लाकडी बाकावर बसून घाम पुसत होता. समोरच्या बाकावर मोतीबाई. तिनं पदराची गाठ सोडली, भाकर आणि ठेचा काढला आणि त्यांच्याकडं पाहत सावकाश जेवली. हवालदार म्हणाला, "बाई, बाहेर जाऊन जेवा." ती म्हणाली, "झालंच," आणि शेवटचा घास चावत राहिली.

जामीन झाला, पण खटला चालला. तोवर मोतीबाई आमच्याच घरात राहत होती. त्यात त्यांचं पंपाचं परवानगीपत्र अडकलं आणि पंप पुढच्या गावातल्या दुसऱ्याच माणसाच्या शेतात गेला. दरम्यान अंतिम आदेश निघाला. आमची ओळ राज्य संरक्षित झाली. निळा फलक लागला. आणि वामनरावांना कोर्टानं सांगितलं, की पाडलेलं घर होतं तसं, खात्याच्या देखरेखीत, स्वतःच्या खर्चानं उभं करून द्या.

होतं तसं म्हणजे त्याच दगडांचं, चुन्यात. छपराला तसलेच जुने कवेलू. तसले कवेलू आता कुठं तयार होत नाहीत. कपिल म्हणाले, "मूळ कवेलू गेले कुठं?" मोतीबाईनं त्यांना गोठ्याची वाट दाखवली.

काम ऑक्टोबरात उरकलं असतं. पण छपराचं काम मोतीबाईनं पुढं ढकलायला लावलं. भिंती ओल्या हायेत, चुना बसू द्या, असं तिनं मिस्त्रीला इतक्यांदा सांगितलं की त्यालाही ते पटलं. डिसेंबर लागला तेव्हा ती म्हणाली, आता काढा. वामनरावांच्या गोठ्याचं छप्पर उतरलं. ती पाहायला गेली, मी सोबत होतो. वामनराव अंगावर शाल घेऊन ओसरीत उभे होते. म्हशी उघड्यावर, अंग चोरून उभ्या. एक पारडू नुकतंच जन्मलेलं, थरथरत होतं.

मोतीबाई थोडा वेळ वामनरावांकडं पाहत राहिली. तिला हवं ते तिला दिसत होतं. मग तिची नजर पारडावर गेली. ती ओळीत परत आली, दोन गोण्या घेऊन गेली आणि त्या पारडाच्या अंगावर बांधल्या. वामनराव म्हणाले, "मोतीबाई." आवाज मऊ होता. तिनं मान वर केली नाही. "ढोराचा काय गुन्हा," ती गाठ मारता मारता म्हणाली, आणि निघून आली.

इथं हे संपलं असतं तर मोतीबाई जिंकली असं मी लिहिलं असतं. पण कायद्याला कोणाचा राग कोणावर आहे हे कळत नाही. ओळ संरक्षित झाली तसं तिच्या आजूबाजूलाही बंधन आलं. परवानगीशिवाय जवळपास नवं बांधकाम नाही. रस्त्यापलीकडं बादलनं थोडी जागा घेऊन ठेवली होती. घरकुल मंजूर झालं होतं, पाया खोदला होता. ते थांबलं. त्याच्या बाजूच्या आणखी दोघांचंही थांबलं.

बादल वणीहून आला तो सरळ आईच्या दारात. आत गेला नाही.

"याडी, वामनरावानं एक घर पाडलं. तू माह्यं उठूच नाही दिलं."

मोतीबाई नव्या जुन्या छपराखाली, उंबरठ्यावर बसली होती.

"मी अर्ज करतो," ती म्हणाली. "मास्तर लिहून देतीन. परवानगी भेटते."

"किती वर्षं लागतीन? बापूच्या छपराले लागले तितके?"

ती म्हणाली, "मले ठाऊक असतं तरी मी हेच केलं असतं, बादल. तुले खोटं कायले सांगू?"

तो गेला. नंतर त्यानं ती जागा सोडून वणीला खाणीच्या बाजूला दोन खोल्या घेतल्या. खोकला येते म्हणतो तिथं, पण घर स्वतःचं आहे. बाकीच्या दोघांपैकी एकाची बायको आजही मोतीबाई दिसली की रस्त्यात थुंकते. मोतीबाई ते पाहते आणि चालत राहते. त्या दोघांचे अर्ज मी लिहिले, ती त्यांच्यासाठीही नागपूरला गेली. एकाला परवानगी मिळाली, दुसऱ्याचं अजून चालू आहे.

जागतिक वारसा दिवसाला यवतमाळात तिचा सत्कार झाला. सुरभी आता तिथं शिकवते, तिनंच घडवून आणला. भाषणं झाली. मोतीबाईच्या हातात माइक दिला. ती म्हणाली, "या बाईनं सांगितलं की मले जुन्या घराचं लय प्रेम हाय. तसं काही नाही. एका माणसानं माह्या नवऱ्याच्या डोक्यावरचं छप्पर काढलं. मले त्याचा बदला घ्यायचा होता. तो घेतला." लोकांना वाटलं की गावंढळ बाई आहे, टाळ्या कुठं वाजवायच्या ते त्यांना कळेना. सुरभी खाली पाहत राहिली. नंतर परत येताना गाडीत तिनं विचारलं, "मावशी, इतकी वर्षं मला का नाही सांगितलं?"

"तू आली असती का मंग?"

सुरभी म्हणाली, "आले असते. पण कमी भाकरी खाल्ल्या असत्या." दोघी हसल्या. सुरभी अजूनही येते, पण पहिल्यासारखी मोकळी बसत नाही, घड्याळाकडं पाहते.

वामनराव थकले आहेत. गेल्या उन्हाळ्यात एका दुपारी काठी टेकत ओळीत आले. मोतीबाई ओट्यावर तूर निवडत होती. ते उभेच राहिले, कारण तिनं बसा म्हटलं नाही.

"मोतीबाई, मी चुकलो. त्याले मारायचं नव्हतं मले. तुमी निघून जावं एवढंच होतं."

"मले ठाऊक हाय," ती म्हणाली.

"मंग आता तरी बस कर. जिनाच्या कुंपणाचं दार बदललं तं तू कंप्लेंट केली. नालीचं झाकण टाकलं तं कंप्लेंट केली. पोरगा म्हणते, विकून टाक, पण घेते कोण? झालं ना तुह्यं?"

मोतीबाईनं सूप खाली ठेवलं. मला वाटलं, आता ती म्हणेल, झालं. माझ्या मनाला तेच हवं होतं. म्हातारा माणूस उन्हात उभा होता.

"दार बिगरपरवानगीचं होतं," ती म्हणाली. "परवानगी घ्या, मंग लावा."

ते काठी टेकत परत गेले. बेबी आतून पाणी घेऊन आली होती, ते तिच्या हातातच राहिलं. बेबी मोतीबाईशी त्यानंतर आठवडाभर बोलली नाही. मी विचारलं, "मोतीबाई, माणूस माफी मागायला आला होता." ती म्हणाली, "माफी त्यानं मागितली, त्याचं काम झालं. द्याची का नाही ते माह्यं काम हाय." आणि तूर निवडायला लागली.

या वर्षी बादलच्या मुलीचं, राखीचं लग्न वणीला झालं. मोतीबाई गेली. नात गळ्यात पडून रडली, पण बादलनं आईला पाहुण्यांच्या खोलीत उतरवलं. कोणत्या कामात विचारलं नाही, हळदीलाही दुसऱ्याच म्हातारीला पुढं केलं. मोतीबाईनं ते कोणापाशी बोलून दाखवलं नाही. बेबी सोबत होती म्हणून मला कळलं. दुसऱ्या दिवशी पाठवणीनंतर राखीच्या सासरी जायचं सगळ्यांचं ठरलं होतं. सून म्हणाली, "याडी, तुमी पण चला." बादल ऐकत होता, नाही म्हणाला नाही. मोतीबाई मात्र बेबीला घेऊन सकाळच्या एसटीनं परत आली, कारण त्या दिवशी कपिल साहेब ओळीच्या पाहणीला येणार होते. पाहणीला मालकाला हजर राहावं लागतं. वामनराव फलकापाशी उभे राहतात, साहेब विचारतील त्याला होय-नाही करतात, कागदावर सही करतात, आणि मोतीबाई आपल्या ओट्यावरून ते पाहते. दर वर्षी पाहते.

ती आली, पातळ बदललं, ओट्यावर बसली. जीप आली. कपिल साहेब उतरले, मागून पिंटू उतरला. त्यानं सांगितलं की बाबांना चालवत नाही, यापुढं सही मीच करत जाईन.

मोतीबाई उठून पुढं गेली आणि जीपमध्ये वाकून पाहिलं. मागची सीट रिकामी होती. ती परत येऊन बसली. पिंटूनं सही केली, साहेबांनी भिंती पाहिल्या, धुराडं पाहिलं, चुना चांगला धरला म्हणाले. जीप गेल्यावर मी म्हणालो, "वणीला थांबायचं होतंस, नातीच्या घरी गेली असतीस."

"हव," ती म्हणाली. "थांबली असती तं बरं झालं असतं."

मग तिनं बेबीला हाक मारली आणि राखीच्या सासरचा फोन नंबर कोणाकडं आहे का, ते विचारलं.